बुढा, म्हातारा, थेरडा

यवतमाळकडचं एखादं पोरगं ‘बुढा वावरात गेला’ असं म्हणालं, की पुण्या-मुंबईचा पाहुणा दचकतो. त्याला वाटतं, घरात कोणी ऐंशीचे आजोबा असणार आणि या वयात त्यांना शेतात राबवतात की काय! प्रत्यक्षात बुढा म्हणजे त्या पोराचा बाप. वय बेचाळीस, मिशा काळ्याभोर, मोटारसायकलवर फवारणीचा पंप बांधून निघालेला. तशीच बुढी म्हणजे आई, आणि नवरा चारचौघांत बोलताना बायकोलाही बुढी म्हणतो, तिच्या माघारी. यात अपमान नाही. उलट सलगी आहे. मात्र हा शब्द तोंडावर वापरायचा नसतो. समोर ‘बाबा’, पाठीमागे ‘बुढा’, हा दारव्हा-दिग्रसपासून वणी-पांढरकवड्यापर्यंतचा अलिखित कायदा.

आता या बुढ्याचं मूळ पाहा. संस्कृत ‘वृद्ध’, प्राकृतात ‘वुड्ढ’ आणि ‘बुड्ढ’, तिथून बुढा. आणि वृद्ध कुठून? ‘वृध्’ म्हणजे वाढणे. वृद्धी, वर्धन, वाढ, वाढदिवस ही सगळी त्याच घरची मंडळी. म्हणजे वृद्ध या शब्दात झिजलेला, थकलेला, संपत आलेला असं काहीही नाही. वाढलेला एवढंच आहे. त्या हिशेबानं बेचाळीस वर्षांच्या बापाला बुढा म्हणणारं पोरगं धात्वर्थाला धरून बोलतं. बाप वाढलेलाच आहे, पोरगं अजून वाढायचं आहे.

मराठीत या ‘वाढण्या’ला आणखी एक गमतीदार वळण आहे. देवापुढे आपण नारळ फोडला असं म्हणत नाही, ‘वाढवला’ म्हणतो. हातातली बांगडी पिचली तरी जुनी बाई ‘बांगडी वाढली’ असंच म्हणते. फुटणं हे अशुभ, म्हणून त्याच्या जागी त्याचं नेमकं उलट क्रियापद आणून बसवलं. या चालीनं पाहिलं तर ‘आजोबा वाढले’ या वाक्याचे दोन्ही अर्थ मराठीला मान्य व्हावेत. एका बाजूनं अनुभव वाढतो, दुसऱ्या बाजूनं गुडघे वाढतात, म्हणजे नारळासारखे.

‘म्हातारा’ हा शब्द तर सरळसरळ मोठेपणाचा. कृ. पां. कुलकर्ण्यांचा व्युत्पत्तिकोश १९४६ सालचा; तेव्हापासून आजवर अभ्यासकांनी म्हाताऱ्याची मुळी ‘महत्तर’मध्येच दाखवली आहे. महत् म्हणजे मोठा, महत्तर म्हणजे अधिक मोठा. जुन्या ताम्रपटांत गावच्या प्रमुख मंडळींना महत्तर म्हटलेलं सापडतं. जमीन दान दिली की तिचं दानपत्र ज्यांच्या साक्षीनं व्हायचं, ती ही माणसं. कोकणातल्या ‘म्हात्रे’ या आडनावाचा उगमही इथलाच सांगतात. फारसीत याचा सख्खा भाऊ आहे, ‘मेहतर’. अर्थ तोच, अधिक मोठा. चित्रालच्या राजाला मेहतर हीच पदवी होती, आणि आपल्याकडे मात्र हा शब्द झाडूवाल्याला चिकटवला गेला. शब्दांच्या नशिबात किती चढउतार असतात, ते एवढ्या एका जोडीवरून समजावं.

स्त्रीलिंगी रूपाची कहाणी मला जास्त आवडते. आठव्या शतकातला जैन पंडित हरिभद्रसूरी स्वतःची ओळख ‘याकिनी-महत्तरा-सूनु’ अशी करून देतो. याकिनी ही वडीलधारी साध्वी. तिच्यामुळे आपल्याला ज्ञान झालं म्हणून तो स्वतःला तिचा मुलगा म्हणवतो. महत्तराचं मराठी रूप म्हातारी! एवढा मोठा तार्किक, आणि त्याची सही म्हणजे ‘म्हातारीचा मुलगा’.

पुढे तेराव्या शतकात आपल्या वऱ्हाडातच हा शब्द भेटतो. महदंबा, म्हणजे धवळ्यांची कर्ती आणि मराठीची आद्य कवयित्री. लीळाचरित्रात चक्रधरस्वामी तिला म्हातारी म्हणतात. आणि कशासाठी म्हणतात? ती सारखी विचारत राहते, चर्चा करत राहते, जाणून घ्यायची तिची हौस भागत नाही, हे कौतुकानं सांगताना. आज घरातल्या आजीनं मोबाइलबद्दल तिसरा प्रश्न विचारला की नातू कपाळाला हात लावतो. चक्रधरांनी अशाच प्रश्नांची दखल घेतली, म्हणून त्या प्रश्नोत्तरांतून मराठीचा आद्य गद्यग्रंथ उभा राहिला. तो ग्रंथ जिथे रचला गेला ते रिद्धपूर यवतमाळहून फार दूर नाही. अमरावती ओलांडली की आलंच.

मग महत्तराचा म्हातारा होता होता त्याची किंमत घसरली कशी? ती एकट्या म्हाताऱ्याचीच घसरली असंही नाही. याहून वाईट हाल ‘थेर’ या शब्दाचे झाले. संस्कृत स्थविर, म्हणजे स्थिर झालेला, वयानं आणि ज्ञानानं ज्येष्ठ. त्याचं पाली-प्राकृतातलं रूप थेर. बौद्ध संघातल्या वडील भिक्खूंची ही पदवी. भाजे लेण्यात चौदा स्तूपांचा एक समूह आहे, त्यातल्या काहींवर थेरांची नावं कोरलेली आहेत. थेरवाद, थेरगाथा ही नावं जगभर माहीत आहेत. आणि मराठीत थेर उरला तो ‘थेरडा’ म्हणून! शेवटी ‘डा’ लागला आणि सगळी पुण्याई गेली. १९५६च्या धम्मदीक्षेनंतर यवतमाळ जिल्ह्यात गावोगाव विहारं उभी राहिली. तिथे वर्षावासात कोणी महाथेरो आले की लोक वाकून वंदन करतात. त्याच गावात बांधावरून भांडण पेटलं की शेजाऱ्याच्या बापाचा ‘थेरडा’ म्हणून उद्धार होतो. शब्द एकच. एक विहारात पोचला, दुसरा बांधावर राहिला.

मोठेपणाचे शब्द म्हातारपणाला वापरायची ही खोड फक्त संस्कृताची नाही. फारसीत बुजुर्ग म्हणजे मोठा, थोर. आपण तो वयस्करांसाठी घेतला, आणि दुसरीकडे गावांच्या पाट्यांवरही बसवला. ‘अमुक बुद्रुक’, ‘तमुक खुर्द’ या जोड्यांतला बुद्रुक म्हणजे हाच बुजुर्ग. यवतमाळच्या रस्त्यांवर ‘बु.’ लिहिलेली पाटी दिसली की ते गाव वयस्कर आहे असं खुशाल समजावं. ‘वडील’ हा शब्दही ‘वड्ड’ म्हणजे मोठा यावरून आला, हिंदीतल्या बड्याचा नातलग. आजा आणि आजी ‘आर्यक’ आणि ‘आर्यिका’ यांची लेकरं, म्हणजे पुन्हा आदरार्थीच. एकूण काय, आपल्या भाषेनं म्हातारपणाला हीन असं नाव सुरुवातीला दिलंच नव्हतं. जे होते ते मानाचे शब्द होते, आणि ते वापरणाऱ्यांनी खाली आणले.

अपवाद एका कुळाचा, ‘जॄ’ या धातूचा. याचा अर्थ झिजणे, जुने होणे. जरा, जर्जर, जरठ, जीर्ण आणि आपला साधा ‘जुना’ही त्यातलाच. ग्रीकांचा ‘गेरॉन’ म्हणजे म्हातारा याच मुळीचा, म्हणून वृद्धांच्या वैद्यकाला जेरियाट्रिक्स म्हणतात. जरठाला मराठीत बदनाम केलं ते जरठ-कुमारी विवाहानं. गोविंद बल्लाळ देवलांचं ‘संगीत शारदा’ १८९९ साली आलं आणि तेव्हापासून जरठ म्हटलं की बाशिंग बांधलेला पंचाहत्तरीचा नवरदेवच डोळ्यांपुढे येतो. या धातूची आणखी एक खोडी यास्कानं निरुक्तात नोंदवली आहे. ‘जार’, म्हणजे चोरून भेटणारा प्रियकर, हाही इथलाच. सूर्य रात्रीचा जार, कारण तो तिला जीर्ण करतो. ‘म्हातारचळ’ हा अस्सल मराठी शब्द ज्यानं घडवला त्याला यास्क माहीत नसणार, पण दोघांची नजर एकाच दिशेला होती. अर्थात हल्ली म्हातारचळ फार स्वस्त झाला आहे. साठीनंतर पेटी शिकावीशी वाटली, नवा सदरा शिवावासा वाटला, एकट्यानं माहूरला जावंसं वाटलं, तरी घरचे लोक हाच शब्द काढतात.

पण जॄ या धातूनं मराठीला जो खरा ऐवज दिला तो ‘जिरणे’. जीर्यते म्हणजे जुनं होतं, आणि पचतंही. खाल्लेलं जीर्ण झालं नाही की अजीर्ण. संस्कृतात जिऱ्याचं एक नाव ‘जरण’ आहे, पचवणारं म्हणून. मराठीत अन्न जिरतं, पाणी जिरतं, राग जिरतो, आणि वेळ आली की एखाद्याची जिरतेही. कोरडवाहू यवतमाळला तर हे क्रियापद पाठ आहे. ‘पाणी अडवा, पाणी जिरवा’ असं गावोगावच्या भिंतींवर रंगवलेलं असायचं. जिरणं आणि जरा हे एकाच धातूचे आहेत, हे ती भिंत रंगवणाऱ्या पेंटरला ठाऊक असण्याचं कारण नव्हतं. पाऊस सगळ्यांवर सारखाच पडतो. मुरमाड बरडावरून तो वाहून जातो आणि काळ्या वावरात जिरतो, मग दिवाळीपर्यंत पऱ्हाटीला पुरतो. सत्तर पावसाळे पाहिलेला प्रत्येक माणूस शहाणा असतोच असं नाही. पण ज्याच्यात काही जिरलं आहे तो कमी बोलतो, आणि दोन शब्दांत अशी काही फिरकी घेतो की समोरच्याची जिरते.

इथे एक सावधगिरी. ‘जिरायत’ हा शब्द जिरण्यावरून आला असं छातीठोकपणे सांगणारे भेटतात. तसं नाही. तो अरबी ‘जिराअत’, म्हणजे शेती. तसंच ‘जरा थांब’ यातला जरा संस्कृत जरेचा कोणीच नाही. तो अरबी ‘जर्रा’, म्हणजे कण. तेव्हा ‘जरा जरा म्हणता म्हणता जरा आली’ हा विनोद करायला हरकत नाही, व्युत्पत्ती म्हणून सांगायला आहे.

पिकण्याचंही असंच. पक्व या शब्दापासून ‘पिकणे’ आणि ‘पीक’ दोन्ही आले. म्हणून मराठीत केस पांढरे होत नाहीत, ‘पिकतात’. यवतमाळच्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही, कारण त्याच्या पिकाचाही मुख्य रंग तोच: हिरवं बोंड फुटून पांढरं झालं की मगच वेचणी. लहान पोरांची म्हातारीसुद्धा पांढरीच. रुईच्या बोंडातून निघून वाऱ्यावर उडणाऱ्या रेशमी तंतूंना आपण म्हातारी म्हणतो आणि तिच्यामागे फुंकर मारत धावतो. आणि भोपळ्यात बसून लेकीकडून परतणारी ती दुसरी म्हातारी! वाघाला, लांडग्याला बोलण्यात गुंगवणारी, जाताना हाडकुळी आणि येताना गुटगुटीत. मराठी घरात मूल वाढतं ते या म्हातारीच्या चतुराईवर हसत हसत. ‘म्हातारी मेल्याचं दुःख नाही, काळ सोकावतो’ ही म्हण मोठेपणी कळते.

वयाचे टप्पे मोजायलाही मराठीत सोय आहे. चाळिशी म्हणजे वय आणि चाळिशी म्हणजे चष्माही. दोन्ही एकदमच लागतात. ‘साठी बुद्धी नाठी’मधला नाठी म्हणजे ‘नष्ट’. पण ‘नश्’चा जुना अर्थ दिसेनासं होणं. बुद्धी मेलेली नसते, चष्म्यासारखी कुठेतरी ठेवलेली असते आणि जागा आठवत नसते. साठीचं महत्त्व पंचांगात आहे. संवत्सरांची नावं साठ, त्यामुळे साठ वर्षांनी जन्माचंच संवत्सर पुन्हा येतं. १९६६च्या पाडव्यानंतर वर्षभरात जन्मलेल्यांचं संवत्सर ‘पराभव’. २०२६च्या पाडव्याला तेच परत आलं. या मंडळींनी साठीशांत मोठ्या उमेदीनं करावी, एवढंच सुचवतो. पुढे सहस्रचंद्रदर्शन. हजार पौर्णिमा भरायला साधारण ऐंशी वर्षं आणि दहा महिने लागतात.

या टप्प्यांच्या पलीकडे गेलेल्या आणि तरी कामात असलेल्या माणसाचं उदाहरण वणीनं दिलं आहे. लोकनायक बापूजी अणे १८८० साली वणीला जन्मले. १९५२ साली बिहारच्या राज्यपालपदावरून मोकळे झाले तेव्हा बहात्तरीला टेकले होते. पुढे एकोणऐंशीव्या वर्षी नागपुरातून लोकसभेवर निवडून गेले. लोकमान्यांवर ‘श्रीतिलकयशोर्णवः’ हे संस्कृत महाकाव्य त्यांनी लिहिलं. त्याला १९७३ साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला, पण ते १९६८च्या २६ जानेवारीलाच गेले होते. सबंध जिल्हा त्यांना बापूजीच म्हणत आला. आमच्याकडे मान द्यायचा तर पदवी नाही, नातं देतात. काकाजी, मामाजी, बाबाजी, आणि कोणत्याही वाक्याच्या शेवटी एक ‘जी’. या ‘जी’ची मुळी काही अभ्यासक ‘जीव’मध्ये शोधतात, म्हणजे ‘जिवंत राहा’. तसं असेल तर ‘हो जी’ म्हणणारा विदर्भ दिवसातून शंभरदा एकमेकांना आयुष्य चिंतत असतो.

सरकारला मात्र नुसतं चिंतून भागत नाही, त्याला पुरावा लागतो. त्याचं नाव ‘हयातीचा दाखला’. हयात अरबी, अर्थ आयुष्य. ‘उभी हयात गेली’ यातली हयात तीच. नोव्हेंबर लागला की पेन्शनवाल्यांची रांग लागते. २०१४च्या १० नोव्हेंबरला ‘जीवन प्रमाण’ सुरू झालं, आता बोटाच्या ठशावरही काम होतं. ठसे उठले तर. अशाच एका रांगेत पुढच्या म्हाताऱ्याचा अंगठा यंत्र घेईना. कारकुनानं तो पुसला, ओला केला, पुन्हा दाबला. म्हातारा शांतपणे म्हणाला, “कापूस येचू येचू रेघा गेल्या, बापा. मानूस समोर उभा हाय, तुह्या मशीनले काहून दिसत नाई?” मागून एक बाबाजी बोलले, “तुह्याच घरी इचार, बुढीले तरी दिसते काय!” रांग हसली. कारकूनही हसला. चौथ्यांदा ठसा उमटला आणि तो म्हातारा पुढच्या वर्षापर्यंत अधिकृतपणे हयात झाला.

या शब्दांत एक शब्द असाही आहे की ज्यावर हसू येत नाही. निराधार वृद्धांसाठी राज्य सरकारची जी योजना आहे तिचं नाव ‘श्रावणबाळ सेवा राज्य निवृत्तीवेतन योजना’. २०२३पासून महिन्याला दीड हजार रुपये. ज्यानं नाव दिलं त्याच्या मनात कावड होती. मुलगा आईबापांना तीर्थाला नेतो आहे, असं चित्र होतं. पण गोष्ट तिथे संपत नाही. श्रावणबाळ पाणी आणायला जातो, दशरथाचा बाण लागून मरतो, आणि आंधळे आईबाप मागे राहतात. २००६ साली पंतप्रधान विदर्भात आले आणि शेतकरी आत्महत्यांमुळे सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटींचं पॅकेज जाहीर झालं, त्यांत यवतमाळ होता. मुलगा गेलेला, सून मजुरीला, नातवंडं शाळेत, आणि सत्तरीचा बुढा पुन्हा वखर धरतो, अशी घरं या जिल्ह्यात शोधायला लांब जावं लागत नाही. ‘म्हातारपणाची काठी’ हा वाक्प्रचार तिथे कोणी वापरत नाही. त्या घरांना योजनेचं नाव अगदी तंतोतंत लागू पडतं, आणि ते तसं पडायला नको होतं.

उरला ‘ज्येष्ठ नागरिक’. २००७च्या केंद्रीय कायद्यानं साठी ओलांडलेल्या सगळ्यांना हे नाव दिलं. वृद्ध म्हणणं बरं दिसत नाही म्हणून ते आलं. आता पाणिनीला विचारा. त्याच्या सूत्राप्रमाणे वृद्ध या शब्दाला ‘इष्ठ’ लागला की वृद्धाच्या जागी ‘ज्य’ येतो आणि ज्येष्ठ तयार होतो. म्हणजे ज्येष्ठचा अर्थ ‘सर्वांत वृद्ध’. वृद्ध म्हणून दुखावू नये यासाठी आपण माणसाला सर्वांत वृद्ध म्हणू लागलो! आणि सर्वांत एकच असू शकतो. इथे गावात दोनशे आहेत. पंचाहत्तरी गाठली की तोच ‘अमृत ज्येष्ठ’ होतो, २६ ऑगस्ट २०२२पासून एसटीत फुकट. अमृत म्हणजे न मेलेला. सरकारी शब्दांत एवढा खरा शब्द क्वचित सापडतो.

माझं मत विचाराल तर या सगळ्यांत म्हाताराच ठेवावा. तो ताम्रपटात बसलेला आहे, चक्रधरांच्या तोंडून आलेला आहे, आणि त्यात ‘अधिक मोठा’ एवढाच दावा आहे, ‘सर्वांत’चा नाही. तेव्हा मला एसटीच्या कंडक्टरसमोर ज्येष्ठ नागरिक म्हणा. पासष्टीनंतर तिथे अर्धं तिकीट लागतं, जे माझ्या बायकोला २०२३पासून वय न सांगताच लागतं. बाकी सगळीकडे म्हातारा म्हणा. बुढा म्हणायचं असेल तर माझ्यामागे.